मूकपटाचा नायक : मास्टर विठ्ठल

हिंदी बोलपटाचा इतिहास सांगू लागले म्हणजे जो तो ‘आलम आरा’पासून आरंभ करतो, आणि ‘आलम आरा’ची गोष्ट निघाली म्हणजे तिच्या नायकाविषयीचे एक वाक्य ठरल्याप्रमाणे येते : मास्टर विठ्ठल मूकपटाचे मोठे नट खरे, पण त्यांस उर्दू बोलता येईना, म्हणून बराचसा चित्रपट त्यांना निजवून ठेवावे लागले. श्रोते हसतात आणि गोष्ट पुढे सरकते. ज्या नटाच्या नावावर चित्रगृहे भरत, त्याच्या कारकिर्दीची एवढीच आठवण लोकांपाशी उरावी हे आम्हांस फार दिवस खटकत आले आहे. हे वाक्य खोटे आहे असे आमचे म्हणणे नाही. ते अपुरे आहे. आणि त्या अपुऱ्या वाक्याने जो निवाडा झाला, तो एका माणसापुरता न राहता त्या माणसाच्या संबंध कलेवर जाऊन पडला आहे.

कोल्हापूरच्या मातीत हा नट तयार झाला, असे म्हणताना माती हा शब्द आम्ही आखाड्याच्या तांबड्या मातीस धरूनच वापरीत आहो. शाहू छत्रपती १९०२ साली युरोपच्या प्रवासास गेले, रोम येथील प्राचीन क्रीडांगण त्यांनी पाहिले, आणि १९१२ साली कोल्हापुरात खासबागेचे कुस्तीचे मैदान उभे राहिले. त्यास लागूनच १९१५ साली पॅलेस थिएटर झाले; पुढे त्यास केशवराव भोसले यांचे नाव मिळाले. कुस्ती आणि नाटक यांचा असा शेजार महाराष्ट्रात दुसरीकडे क्वचितच सापडेल. कलामहर्षी बाबूराव पेंटर यांनी स्वतःच्या कारागिरीने कॅमेरा तयार करून महाराष्ट्र फिल्म कंपनी चालविली, ती या शेजाराच्या ऐन भरात. तानीबाई कागलकरांसारख्या गायिकेने तिला द्रव्यसाहाय्य केले, आणि झुंझारराव पवार, बाळासाहेब यादव यांच्यासारखे धिप्पाड अंगाचे नट तिला लाभले. १९२० सालच्या ‘सैरंध्री’तील कीचकवध पडद्यावर इतका हुबेहूब उतरला की सरकारी परीक्षकांनी तो प्रसंग कापावयास लावला, ही हकीकत प्रसिद्धच आहे. तात्पर्य, कोल्हापूरच्या मूकपटात शरीर हे केवळ पोशाख अडकविण्याची खुंटी नव्हते. गोष्ट सांगण्याचे मुख्य साधन तेच होते.

विठ्ठल यांचा रंगभूमीशी संबंध बालवयातच जडला. राजापूरकर नाटक मंडळीत ते बालनट म्हणून वावरले, आणि नावामागचा ‘मास्टर’ हा शब्द त्या बालनटांच्या परंपरेतलाच आहे. तेथून ते महाराष्ट्र फिल्म कंपनीत आले, पण आरंभी नट म्हणून नव्हे. फिल्मचे तुकडे कापणे व जोडणे, ज्यास आज आपण संकलन म्हणतो, त्या कामावर ते होते. या गोष्टीकडे चरित्रकारांचे लक्ष फारसे जात नाही. आम्हांस मात्र ती मोलाची वाटते. नदीवरून घेतलेली उडी पडद्यावर किती क्षण दिसते, घोड्यावर झेप टाकताना कोणत्या बिंदूवर तुकडा तोडला असता प्रेक्षकाचा श्वास अडकतो, हे ज्याने हातात कात्री धरून पाहिले, त्यास कॅमेऱ्यापुढे कसे वागावे याचे शिक्षण वेगळे द्यावे लागत नाही.

पडद्यावर ते प्रथम आले ते १९२४ सालच्या ‘कल्याण खजिना’त, आणि तेही नर्तकीच्या वेषात. आजच्या वाचकास यात गंमत वाटेल, परंतु त्या काळी तसे वाटण्याचे कारण नव्हते. दादासाहेब फाळके यांस १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’साठी तारामती मिळेना, तेव्हा मुंबईतील एका खाणावळीत काम करणाऱ्या अण्णा साळुंके यांना त्यांनी ती भूमिका दिली, त्याच साळुंक्यांनी १९१७ च्या ‘लंकादहना’त राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. रंगभूमीवर तर बालगंधर्वांचा अंमल चालू होता. नर्तकीच्या भूमिकेने विठ्ठल यांस तोल, लय आणि पायांची शिस्त दिली असेल, तर तलवारीच्या खेळास तिचा उपयोगच झाला असणार. नाचणाऱ्याचे पाय आणि लढणाऱ्याचे पाय यांत लोक समजतात तेवढे अंतर नसते.

कोल्हापुरात त्यांच्या वाट्यास लहानसहान भूमिकाच आल्या. भाग्य उघडले ते मुंबईस. भोगीलाल दवे आणि नानूभाई देसाई यांनी १९२५ साली शारदा फिल्म कंपनी काढली, आणि नानूभाईंनी दिग्दर्शित केलेल्या ‘रतन मंजरी’ (१९२६) या पटात विठ्ठल नायक झाले. येथून पुढची चारपाच वर्षे ही त्यांची वर्षे होत. शारदेचे पट म्हणजे राजपुत्र, बंडखोर सरदार, कैदेत पडलेली राजकन्या, कपटी प्रधान, बुरुजावरून उडी, भरधाव घोडा आणि शेवटी तलवारींची चकमक. गोष्टीत नवल काही नसे. सारे नवल नायकाच्या अंगात असे. विठ्ठल यांना लोक हिंदुस्थानचे डग्लस फेअरबँक्स म्हणत, आणि १९३० च्या सुमारास सर्वांत अधिक वेतन घेणाऱ्या नटांत त्यांची गणना होत असे.

ही फेअरबँक्सची उपमा कोठून आली तेही सांगितले पाहिजे. सरकारने १९२७ साली दिवाण बहादूर टी. रंगाचारियर यांच्या अध्यक्षतेखाली चित्रपटांच्या चौकशीसाठी एक समिती नेमली होती. तिच्या १९२८ च्या अहवालात असे नमूद आहे की, हिंदुस्थानात दाखविलेल्या पटांपैकी सर्वांत लोकप्रिय ठरला तो फेअरबँक्सचा ‘थीफ ऑफ बगदाद’. त्या पटाचा थाट पौर्वात्य होता आणि त्यातील नायक जिन्यावरून कधी साधा उतरत नसे. देशी कंपन्यांनी हा धडा बरोबर उचलला. आपल्याकडील लोकांस अशा कथा नव्या नव्हत्या, आणि शिडीवाचून भिंत चढणारा वीरही नवा नव्हता. मूकपटाने फक्त त्यास डोळ्यांपुढे आणून उभे केले.

सुशिक्षित वर्गाने या पटांची नेहमी अवहेलना केली. पौराणिक पट पाहण्यास कुटुंब घेऊन जाणारा गृहस्थ मारामारीच्या पटाचे नाव घरात काढीत नसे. ते चार आण्यांच्या वर्गाचे खाद्य, असा शिक्का त्यावर बसला होता. ‘सावकारी पाश’ (१९२५) या सामाजिक पटाविषयी आपल्याकडे आदराने लिहिले जाते, आणि ते योग्यच आहे. पण ज्या प्रेक्षकांनी मूकपटाचा धंदा जगविला, त्यांच्या आवडीच्या नटांविषयी लिहिण्यास लेखणी सहसा उचलली गेली नाही. ज्याने लिहावयाचे त्याने पाहिले नाही, आणि ज्यांनी पाहिले त्यांस लिहिता येत नव्हते. विठ्ठल यांची माहिती आज इतकी तुटपुंजी आहे, तिचे निम्मे कारण येथे आहे.

परंतु या चार आण्यांच्या प्रेक्षकाची बुद्धी कमी होती असे मानण्यास आम्ही तयार नाही. आमचे कबनूर गाव इचलकरंजीस लागून, कोल्हापुराहून नऊदहा कोसांवर. येथे यंत्रमागांच्या खडखडाटात तोंडाने सांगितलेले शेजारच्यास ऐकू जात नाही. दोन मागांपलीकडच्या कामगाराशी मनुष्य हाताच्या खुणेने, भुवईने, ओठांच्या हालचालीने बोलतो. सूत तुटले, मालक आला, चहा सांग, इतकेच नव्हे तर थट्टादेखील त्याच भाषेत चालते. ज्याने हा व्यवहार पाहिला आहे त्यास मूकपट म्हणजे मुका पट असे कधी वाटणार नाही. तीही एक भाषाच होती, आणि ती समजून घेणारा प्रेक्षक अडाणी असला तरी मंद नव्हता. शिवाय तिची एक मोठी सोय अशी की तिला प्रांत नव्हता. पडद्यावरील अक्षरपाट्या दोनतीन लिप्यांत लिहिल्या की काम भागे, आणि वाचता न येणाऱ्यांसाठी कोणीतरी त्या मोठ्याने वाचून दाखवी. मराठी मुलाने राजपूत राजपुत्र व्हावे, गुजराती मालकाच्या कंपनीत व्हावे, आणि लाहोरच्या प्रेक्षकाने त्यास टाळ्या द्याव्यात, हे त्या भाषेमुळे शक्य झाले होते.

मग १९३१ साल उजाडले. इंपीरियल फिल्म कंपनीचे अर्देशीर इराणी यांनी बोलपट काढावयाचे ठरविले, आणि जोसेफ डेव्हिड यांचे पारशी रंगभूमीवर गाजलेले ‘आलम आरा’ हे नाटक निवडले. नायकाच्या भूमिकेवर मेहबूब खान यांचा डोळा होता. ती त्यांना मिळणार असे दिसतही होते. परंतु पहिल्या बोलपटाचा धोका पत्करताना इराणी यांस खात्रीचे नाव हवे होते, आणि त्या घडीस विठ्ठल यांच्याइतके खात्रीचे नाव दुसरे नव्हते. सागर कंपनीत इराणी भागीदार होते. तिच्याकडे विठ्ठल वळले, तोच शारदा कंपनीने करारभंगाचा दावा लावला. विठ्ठल यांच्या बाजूने बॅरिस्टर महंमद अली जिना उभे राहिले आणि दावा जिंकला गेला. एका नटाच्या चाकरीसाठी मुंबईचा एवढा नामांकित बॅरिस्टर कोर्टात उभा राहतो, यावरून त्या नटाचा बाजारभाव ताडता येतो. येथे एक गोष्ट विसरू नये. शारदा कंपनीने ज्या मालासाठी भांडण मांडले आणि इराणी यांनी ज्याची किंमत मोजली, तो माल मूकपटातला होता. तो बोलपटात चालेल की नाही याची परीक्षा अद्याप कोणी घेतली नव्हती.

ती परीक्षा कशी झाली पाहा. चित्रशाळा रेल्वेच्या रुळांजवळ होती, म्हणून गाड्या थांबल्यानंतर, रात्री एक ते पहाटे चारच्या दरम्यान बहुतेक चित्रण करावे लागे. ध्वनी व चित्र एकाच वेळी एकाच फिल्मवर उतरविणारे यंत्र होते. मागाहून आवाज भरण्याची सोय नव्हती. ध्वनिग्राहक पडद्याआड, झाडाआड, नटाच्या आसपास कोठेतरी लपविलेला असे, आणि त्याच्यापासून चार पावले दूर गेले की शब्द हरवे. विल्फर्ड डेमिंग नावाचा अमेरिकन तज्ज्ञ यंत्राबरोबर आला होता. त्याचे वेतन दिवसास १०० रुपये, म्हणून त्याच्याकडून जुजबी शिक्षण घेऊन इराणी यांनी स्वतः ध्वनिमुद्रण पत्करले. अशा ठिकाणी, ज्याची सारी कीर्ती धावण्यावर आणि उडी मारण्यावर, त्या नटास उभे केले आणि सांगितले की हलू नकोस, बोल. आणि पारशी रंगभूमीच्या घोटीव उर्दूत बोल. विठ्ठल यांची वाणी त्या उर्दूस वळली नाही. कथेत राजपुत्र कमरचा प्राण एका हारात अडकलेला असतो. सावत्र आईने दिवसा तो हार गळ्यात घातला की राजपुत्र मृतवत पडतो, रात्री तिने काढला की जागा होतो. ही योजना मोठी सोयीची ठरली. नायकाचे संवाद जेवढे कमी करता येतील तेवढे केले, आणि पटाचा बराच काळ तो निश्चेष्ट पडून राहिला. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रगृहात पट लागला आणि तिकिटांसाठी इतकी गर्दी उसळली की पोलिसांस बोलवावे लागले. ७८ मृत माणसे जिवंत होऊन बोलू लागली आहेत, अशा आशयाची त्याची जाहिरात होती.

आता त्या प्रसिद्ध निवाड्याकडे वळू. उर्दू येत नव्हते म्हणून विठ्ठल संपले, हे खरे धरले तर मराठी बोलपटात त्यांचा उत्कर्ष व्हावयास हवा होता, कारण मराठी तर त्यांना परकी नव्हती. तसे झाले नाही. कारण नुसते बोलण्याने भागत नव्हते. गावे लागत होते. ‘आलम आरा’त सात गाणी होती, आणि पुढल्याच वर्षीच्या ‘इंद्रसभे’त त्यांची संख्या सत्तरीच्या घरात गेली. पार्श्वगायनाची युक्ती कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सने १९३५ साली आणली; तोवर पडद्यावर जो दिसे त्यानेच गायचे. ‘प्रभात’ने कोल्हापुरात १९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ काढला, तेव्हा हरिश्चंद्र म्हणून गोविंदराव टेंबे निवडले गेले, ते काही त्यांच्या तलवारबाजीसाठी नव्हे. दुसरे कारण त्या लपविलेल्या ध्वनिग्राहकाचे. बोलपटाने पहिल्या दोनतीन वर्षांत चित्रपटाची चाल काढून घेतली आणि त्यास पुन्हा नाटकाच्या चौकटीत उभे केले. जेथे धावण्यास जागा नाही, तेथे धावणाऱ्याचे काय काम?

याउलट उदाहरण हवे असेल तर तेही आहे. १९३५ साली वाडिया मूव्हिटोनने ‘हंटरवाली’ काढला आणि नादिया नावाची गौरवर्णी स्त्री चाबूक हाती घेऊन छपरांवरून धावू लागली. ती जन्माने ऑस्ट्रेलियन. तिचे हिंदुस्थानी उच्चार विठ्ठल यांच्या उर्दूपेक्षा चांगले होते असे तिचे चाहतेही म्हणणार नाहीत. तरीही लोकांनी तिला डोक्यावर घेतले. यंत्रे सुधारली होती, कॅमेरा पुन्हा मोकळा हिंडू लागला होता, आणि चार आण्यांचा प्रेक्षक चार वर्षे त्या धावपळीची वाट पाहत बसला होता. उच्चारांचा दोष अंगाच्या कलेने झाकता येतो हे नादियाने सिद्ध केले. विठ्ठल यांस ती संधी १९३१ साली मिळणे शक्य नव्हते, आणि १९३५ साली त्यांच्यावर निजलेल्या नायकाचा शिक्का पक्का झाला होता.

काळाच्या या फेऱ्यात सर्वच मूकनट सापडले असे मात्र नाही. बाबूराव पेंढारकर हेही महाराष्ट्र फिल्म कंपनीच्याच तालमीतले. ‘अयोध्येचा राजा’तील त्यांचा गंगानाथ बोलू लागला आणि मराठी बोलपटास त्याचा पहिला खरा खलपुरुष मिळाला, पुढे १९५४ च्या ‘महात्मा फुले’ चित्रपटात तेच जोतिरावांच्या भूमिकेत उभे राहिले. पण पेंढारकरांची कला नजरेची आणि आवाजाची होती. ती चार हात जागेत मावत असे. पृथ्वीराज कपूर तर ‘आलम आरा’तच एका दुय्यम भूमिकेत होते, त्यांच्या खर्जातल्या आवाजास पुढे सारे हिंदुस्थान ओळखू लागले. परदेशी पाहावे तर चार्ली चॅप्लिनने त्याच १९३१ साली ‘सिटी लाइट्स’ हा संवादावाचूनचा पट प्रसिद्ध केला, आणि पूर्ण बोलपटास हात घातला तो थेट १९४० साली. त्याची स्वतःची कंपनी होती, स्वतःचा पैसा होता. बोलावयाचे नाही असे तो म्हणू शकला. वेतनावरच्या नटास हा हट्ट परवडत नाही. तिकडे कोरियात मूकपट चालू असताना पडद्याशेजारी उभा राहून गोष्ट सांगणारा निवेदक असे, आणि तेथे बोलपट आला तो १९३५ साली. ना उन-ग्यू या तेथील विख्यात नटाचा ‘आरिरांग’ (१९२६) हा पट मात्र आज कोणासही पाहावयास मिळत नाही. तो नष्ट झाला.

विठ्ठल यांनी पडदा सोडला नाही, ही त्यांच्या कारकिर्दीतील आम्हांस सर्वांत आदराची वाटणारी गोष्ट आहे. १९३३ साली दादासाहेब तोरणे यांच्या सरस्वती सिनेटोनसाठी त्यांनी ‘औट घटकेचा राजा’ हा बोलपट दिग्दर्शित केला. हिंदीत त्याचे नाव ‘आवारा शहजादा’. राजपुत्र आणि भिकारी यांच्या अदलाबदलीची ही कथा. दोन्ही भूमिका शाहू मोडक या गोड गळ्याच्या किशोराकडे होत्या. पुढल्या वर्षी पार्श्वनाथ आळतेकर यांच्या ‘छत्रपती संभाजी’त त्यांनी काम केले. नंतर मात्र भूमिका आखूड होत गेल्या. भालजी पेंढारकरांनी कोल्हापुरात ऐतिहासिक चित्रपटांची परंपरा चालविली, तीत विठ्ठल अनेकदा दिसत. मुख्य भूमिका तरुणांकडे आणि हे मागे, पोशाखात, मावळ्यांत किंवा सरदारांत. त्या तरुणांस तलवार कशी धरावी हे त्यांच्याइतके कोणास ठाऊक असणार? पण पडद्यावरच्या नामावलीत ज्ञानाप्रमाणे क्रम लागत नसतो. १९६० नंतरही काही वर्षे ते काम करीत होते. म्हणजे बोलपटात त्यांनी घालविलेला काळ मूकपटाच्या तिपटीहून अधिक भरतो, आणि तरी कीर्ती मूकपटाची.

त्या कीर्तीचा पुरावा मागू जाल तर हाती काही लागत नाही. हिंदुस्थानात सुमारे १,३०० मूकपट निघाले. त्यांतले अखंड किंवा तुटक अवस्थेत वाचले ते अगदी मोजके. जुनी नायट्रेट फिल्म स्वतःहून पेट घेई, दमट हवेत विरघळे, आणि या दोहोंतून वाचली तर तीतील चांदी काढून घेण्यासाठी विकली जाई. बाबूराव पेंटर यांच्या मूकपटांतील ‘मुरलीवाला’ (१९२७) आणि ‘सती सावित्री’ (१९२७) यांचे काही अंश पाहावयास मिळतात. शारदेच्या शैलीचा अंदाज करावयाचा तर पुण्याच्या अगरवाल कंपनीचा ‘दिलेर जिगर’ (१९३१) पाहावा लागतो; त्यात ललिता पवार आहेत, विठ्ठल नाहीत. पुण्यास राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ साली, आणि तेव्हा विठ्ठल हयात होते. त्यांचे निधन १९६९ साली झाले. संग्रहालयाने ‘आलम आरा’चा पुष्कळ शोध केला, पण त्याची एकही प्रत मिळाली नाही. त्या पटाची काही छायाचित्रे व जाहिराती आहेत. झुबेदा आणि विठ्ठल यांचे एकत्र छायाचित्र पुस्तकांतून वारंवार छापले जाते, आणि त्याखाली बहुधा दोघांची नावे, पटाचे नाव आणि १९३१ हे साल, एवढेच लिहिलेले असते.